घर पाडलं जाण्याआधी काय टिपायचं, आणि मग माध्यम कसं ठरवायचं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. शिक्षण मुद्राचित्रणातलं, म्हणजे ठशांवरून चित्रं छापण्याचं. आजोळचं घर विकलं गेलंय, काही आठवड्यांत ताबा द्यायचाय आणि नवे मालक ते पाडणार आहेत. हाताशी जुने फोटो, पत्रं आणि आई-मामा-मावशीच्या आठवणी आहेत. छापचित्रं, ध्वनी, व्हिडिओ, कापड असं सगळं वापरून स्मृती, ओळख आणि जागा यांवर काम करायचंय. पण दाखवायला गेलं की लोक म्हणतात, विखुरलेलं वाटतं, आणि कामाची ओळख करून देणारं निवेदन लिहायला बसलं की तेच तीन शब्द फिरून फिरून येतात. कुठलं माध्यम धरावं, कुठलं सोडावं, आणि हे सगळं गॅलरीत मांडावं की घरातच, असं तुम्ही विचारलंय.

माध्यमाचा निर्णय आत्ता घेऊच नका. घर अजून उभं आहे. जे नंतर कुठल्याही किमतीला मिळणार नाही ते आधी गोळा करा, बाकीचं डोकं नंतर लढवता येईल.

सुरुवात आवाजापासून करा. घराचे फोटो कुणी ना कुणी काढलेले असतात, खोलीचा आवाज मात्र सहसा कुणीच टिपलेला नसतो. प्रत्येक खोलीत पंखे बंद करा, खिडक्या एकदा उघड्या आणि एकदा बंद ठेवा, आणि त्या खोलीत जो माणूस जिथे बसायचा तिथे, त्याच्या कानाच्या उंचीवर रेकॉर्डर लावा. मग स्वतः बाहेर जा आणि काही मिनिटं तो चालू राहू द्या. फाइल वेव्ह फॉर्मॅटमध्ये, ४८ किलोहर्ट्‌झ आणि २४ बिट. ऑटो लेव्हल न विसरता बंद करा, नाहीतर शांतता आली की यंत्र आपणहून आवाज वाढवतं आणि खोलीऐवजी त्याचीच घरघर हाती लागते. फोनवर रेकॉर्ड करणार असाल तर अशी सोय देणारं ॲप आधी शोधून ठेवा.

त्यानंतर त्याच खोलीत, बोलणारा माणूस जिथे उभा राहत असे तिथे एक मोठा फुगा फोडा आणि घुमणारा आवाज पूर्ण विरेपर्यंत रेकॉर्डिंग थांबवू नका. आवाज फाटू नये म्हणून लेव्हल खाली ठेवा, दोन-तीनदा करा. ध्वनीवर काम करणारे याला इम्पल्स रिस्पॉन्स म्हणतात. त्या खोलीत आवाज कसा आदळतो, कसा परततो, किती वेळ रेंगाळतो, हे सगळं त्या एका स्फोटात नोंदलं जातं. पुढे कन्व्हॉल्यूशन रिव्हर्ब नावाच्या साधनाने दुसरीकडे रेकॉर्ड केलेला कोरडा आवाज त्या खोलीत 'ठेवता' येतो. म्हणजे घर पडून कितीतरी वर्षं झाल्यावरही आईने नव्याने वाचलेलं पत्र तुम्ही आतल्या खोलीत ऐकवू शकाल. हे सामान हलवण्याआधी एकदा आणि घर रिकामं झाल्यावर पुन्हा एकदा करा. गाद्या, कपडे, पडदे आवाज पितात. रिकामी खोली घुमते. ही दोन रेकॉर्डिंगं एकापाठोपाठ ऐकली की घर सोडणं म्हणजे काय ते अंगावर येतं. निवेदनातली चार वाक्यं तेवढं काम करत नाहीत.

मग रबिंग, म्हणजे पृष्ठभागावर कागद धरून, वरून घासून त्याचा ठसा घेणं. हे तुमच्या हातातलं आहे, म्हणून फार सांगत नाही. पातळ पण चिवट कागद, ग्रॅफाइटची कांडी आडवी धरून, भिंतीला इजा न करणारी चिकटपट्टी, आणि मागच्या बाजूला पेन्सिलीने खोली, भिंत, वरची दिशा आणि तारीख. दिशा लिहिली नाही तर घर गेल्यावर त्या कागदांचा गुंता सुटत नाही. सुंदर नक्षीच्या मागे लागू नका, झिजलेल्या जागा घ्या: उंबरठ्याचा मधला भाग, पायऱ्यांच्या कडा, कडीखालचं लाकूड, दिव्याच्या बटणाभोवतीची भिंत. डो हो सुह या कोरियन कलावंताने न्यूयॉर्कमधलं आपलं राहतं घर आतून पूर्ण कागदाने मढवून रंगीत पेन्सिलींनी घासून काढलं होतं, नळ आणि स्विचेससकट. तेवढं करायला तुम्हाला वेळ नाही. पण ज्या जागांना माणसांचे हातपाय सगळ्यात जास्त लागले, तिथला ठसा एकास एक मापात मिळेल.

शेवटी मापं. लांबी-रुंदीबरोबर कर्णही मोजा, कारण जुन्या खोल्या क्वचितच काटकोनात असतात. दारं कुठल्या बाजूला उघडतात, खिडकीची कड जमिनीपासून किती उंच आहे, जिन्याच्या पायऱ्या सारख्या आहेत की नाहीत, हे लिहून ठेवा. त्या वेळी कंटाळवाणं वाटेल, पण पुढे सगळ्यात जास्त उपयोग याचाच होतो.

आता माणसांच्या आठवणी. इथे एक गोष्ट कळकळीने सांगते: आई आणि मामांना फोटो दाखवून बोलतं करू नका. आधी नुसतं बोलू द्या, फोटो शेवटी. २००२ साली मानसशास्त्रज्ञ किम्बर्ली वेड आणि सहकाऱ्यांनी २० प्रौढांना त्यांच्या लहानपणाचे फोटो दाखवले. त्यात एक बनावट होता: ती व्यक्ती लहानपणी गरम हवेच्या फुग्यातून उडताना. तीन मुलाखतींनंतर त्यातल्या निम्म्या लोकांना कधीच न घडलेली ती सफर थोडीफार किंवा स्पष्ट 'आठवू' लागली. खरा फोटोही काही वेगळं करत नाही. तो एकदा समोर आला की माणूस घर सांगायचं सोडून फोटो सांगू लागतो. त्याच्या दोन वर्षं आधी मेंदूशास्त्रज्ञ करीम नादेर यांनी उंदरांवरच्या प्रयोगांत दाखवलं होतं की भीतीची पक्की झालेली आठवण जागी केली की ती काही काळ पुन्हा अस्थिर होते आणि नव्याने साठवावी लागते. माणसाच्या कौटुंबिक आठवणींना ते जसंच्या तसं लावता येणार नाही, पण मुलाखती घेणाऱ्या कुणालाही अनुभवाने माहीत असतं की दुसऱ्यांदा सांगितलेली गोष्ट पहिल्यापेक्षा गुळगुळीत असते. म्हणून पहिलं सांगणं वाया जाऊ देऊ नका. त्या दिवशी रेकॉर्डर चालू हवा, आणि खोलीत दुसरं भावंड नको.

प्रश्न कसे विचारायचे? 'घर कसं आठवतं?' असं विचारलं की उत्तर गोड आणि पोकळ येतं. 'रात्री उठून पाणी प्यायला जायचं झालं तर वाटेत काय काय लागायचं?' असं विचारलं की पाय बोलू लागतात. सगळ्यात उपयोगी पडतो तो नकाशा. प्रत्येकाला एकट्याने, मोठ्या कागदावर, घराचा नकाशा आठवून काढायला सांगा. 'मला चित्र काढता येत नाही' म्हणतील, तर म्हणू द्या. दुरुस्ती करू नका, हुंकारही देऊ नका. कुठली खोली आधी काढली, कुठे पेन अडला, काय खोडलं, हे टिपा. जमलं तर फक्त हात आणि कागद दिसेल असा व्हिडिओ घ्या.

माझ्या एका कामात एका भावाने भिंतीवरच्या खुंट्यांसकट बारकाईने नकाशा काढला होता, पण मागची खोली त्यात नव्हतीच. त्याच्या बहिणीच्या नकाशात तीच खोली सगळ्यात मोठी. मोजमाप पाहिलं तर घरातली ती सगळ्यात लहान खोली. अनेक वर्षं तिथे घरातलं एक आजारी माणूस अंथरुणाला खिळून होतं आणि त्याचं सगळं ती बहीण करायची. भावाला खोली विचारल्यावर आठवली, अगदी लख्ख आठवली, पण आपण होऊन त्याने ती काढली नव्हती. स्मृती, ओळख आणि जागा असे तीन वेगळे विषय हाताळायला मी तिथून सोडून दिलं. त्या तीन कागदांत, म्हणजे दोन नकाशे आणि एक मोजणीचा आराखडा यांत, ते तिन्ही आधीच होते. कोण कुठे वावरलं, कुणाच्या वाट्याला काय काम आलं, त्यावर त्याचं घर किती मोठं हे ठरलं होतं.

ओळखीबद्दल म्हणूनच मी अशा कामात वेगळं काही म्हणायला जात नाही. ती 'मी कोण' या वाक्यातून येत नाही, तुम्ही त्या घरात कुठे उभे होतात त्यातून येते. तुम्ही मुलीच्या बाजूचं नातवंड आहात, म्हणजे सुट्टीतले पाहुणे. तुम्हाला माहीत असलेलं घर हे सुट्टीचं घर आहे. आईचं घर वेगळं, तिथे लग्न होऊन आलेल्या मामीचं त्याहून वेगळं. आणि कामाला येणारी माणसं? ती किती खोल्यांपर्यंत आत येत होती? अल्बममध्ये त्यांचा एखादा फोटो आहे का, की कुणाच्या तरी पाठीमागे अर्धा हात दिसतो? हे विचारलं नाहीत तर काम हळवं होईल, आणि हळवेपणात घराचं खरं रूप सगळ्यात आधी बुजतं. घरातल्या अशा रेषा कुठे होत्या हे शोधताना नातेवाइकांना अवघडल्यासारखं होईल. तरी विचारा, आदराने विचारा, आणि उत्तर मिळालं नाही तर तेही नोंदवा.

एवढं हाती आलं की माध्यमाचा प्रश्न जरा सोपा होतो, कारण आता तो असा विचारता येतो: या घराबरोबर नेमकं काय जाणार आहे? प्रत्येक कुटुंबाचं, प्रत्येक जागेचं उत्तर वेगळं असतं, आणि ज्या कामांकडे आपण पुन्हा पुन्हा वळतो त्यांनी हे उत्तर फार काटेकोरपणे शोधलेलं दिसतं.

ब्रिटिश शिल्पकार रेचल व्हाइटरीडचं 'हाऊस' घ्या. पूर्व लंडनमध्ये पाडल्या जाणाऱ्या रांगेतलं एक घर तिने १९९३ मध्ये आतून काँक्रीटने भरत आणलं आणि मग बाहेरच्या विटा काढून टाकल्या. जे उरलं तो घराच्या आतल्या हवेचा आकार होता: शेकोटीची पोकळी बाहेर फुगून आलेली, खिडक्यांचे कोनाडे पुढे आलेले. तिच्या लेखी जाणार होती ती आतली राहती जागा, म्हणून साचा. तिला घराचं चित्र काढायचं नव्हतं, की त्यावर फिल्मही करायची नव्हती. मोना हातूम या कलावंताचं उलट आहे. मूळच्या पॅलेस्टिनी कुटुंबातली ती बैरूतला जन्मली. १९७५ मध्ये लंडनला गेली असताना लेबनॉनमध्ये यादवी युद्ध पेटलं आणि परत जाणं अशक्य झालं. १९८८ च्या 'मेझर्स ऑफ डिस्टन्स' या व्हिडिओत आईचे न्हाणीघरातले फोटो आहेत, त्यांच्यावर आईच्या अरबी पत्रांच्या ओळी जाळीसारख्या पसरलेल्या, मागे दोघींच्या अरबी गप्पा आणि त्यावर हातूमच्या आवाजात त्याच पत्रांचं इंग्रजी वाचन. तीन थर, आणि प्रत्येक थर दुसऱ्याच्या आड येतो. तिथे गेलं होतं ते जवळ असणं, आणि म्हणून पाहणाऱ्यालाही आईपर्यंत नीट पोहोचता येत नाही. व्हिडिओ, छायाचित्र, हस्ताक्षर, आवाज हे सगळं एकत्र आहे, तरी ते कुणाला विखुरलेलं वाटत नाही, कारण एकही थर काढला तर काम कोसळतं.

डो हो सुहने आईवडिलांच्या सोलमधल्या पारंपरिक घराची रेशमी कापडात पूर्ण मापाची प्रत शिवली, १९९९ मध्ये. ती घडी करून नेता येते, आणि जिथे मांडली जाते त्या शहराचं नाव तिच्या शीर्षकात वाढत जातं. कापड सुंदर दिसतं म्हणून आलेलं नाही. घर बरोबर नेता येत नाही, हे दुखणं होतं, म्हणून ते आलं. जर्मनीतले कलावंत गुंटर डेम्निग नाझींच्या बळींसाठी, त्या बळींनी स्वतः निवडलेल्या शेवटच्या घरासमोर, फूटपाथमध्ये दहा सेंटिमीटर चौरसाचा पितळी पत्र्याचा दगड बसवतात. बहुतेकांवर सुरुवात 'इथे राहत होते' अशी, मग नाव, जन्मसाल, पुढे काय झालं. २०२३ मध्ये अशा दगडांची संख्या एक लाखावर गेली. तिथे पुसलं गेलं होतं ते नाव आणि पत्ता, त्यामुळे दुसऱ्या कशाची गरजच पडली नाही.

तुम्ही मुद्राचित्रकार आहात म्हणून तुमच्याच माध्यमातल्या झरीना हाश्मी यांचं 'डिव्हायडिंग लाइन' हे २००१ चं काष्ठठसा चित्र पुन्हा एकदा बघा. फिकट कागदावर फाळणीची एक काळी, वेडीवाकडी रेषा. काष्ठठशात काळी रेषा मिळवायची तर तिच्या दोन्ही बाजूंची सगळी जमीन कोरून काढावी लागते, हे तुम्हाला सांगायला नको. प्रदेश नाहीसा झाला, रेषा तेवढी उरली, ही गोष्ट तिथे तंत्रातच घडते. तुमचं मूळ माध्यम सोडण्याची घाई करू नका, असं मी म्हणते ते यासाठी. बहुमाध्यमी काम म्हणजे आपल्याला येतं ते बाजूला ठेवणं नव्हे.

तुमचं काम विखुरलेलं का वाटतं, त्याचं बहुतेक कारण असं असावं की जिन्याचा व्हिडिओ, जिन्याचा आवाज, जिन्याचं छापचित्र, असं एकच म्हणणं तीनदा येतंय. मी पाळते तो नियम सोपा आहे: दोन माध्यमं एकच गोष्ट सांगत असतील तर त्यातलं एक बाहेर. आवाजात पावलं येत असतील तर चित्रात जिना नको, त्या घरात कधी वर न गेलेल्या माणसाचा नकाशा असू दे. दोन्हींच्या मधली फट पाहणाऱ्याने भरायची असते.

जुन्या अल्बमबाबत एकच. फोटो मोठे करून भिंतीवर लावले की ते कुणाचेही फोटो होतात. चित्रकार विवान सुंदरम यांनी 'री-टेक ऑफ अमृता' या २००१ पासूनच्या मालिकेत आजोबा, म्हणजे चित्रकार अमृता शेरगिलचे वडील उमरावसिंग शेरगिल, यांनी काढलेले घरचे फोटो घेतले आणि कधीच एकत्र नसलेले क्षण, वयं, माणसं डिजिटल जोडणीने एका चौकटीत आणली. ती जोडणी लपवलेली नाही. तुम्हीही फोटोंना हात लावणार असाल तर तो दिसू द्या, कारण फोटो किती सहज आठवण बनून बसतो ते वर आलंच आहे.

इतरांचं कसब लागेल तिथे त्या माणसाला नुसता मदतनीस समजू नका. ध्वनिमुद्रण करणारा, शिवणारी, गवंडी यांना काम सुरू होतानाच विषय सांगा, श्रेयनामावलीत नाव आणि मोबदला आधी ठरवा. गवंड्याने भिंतीकडे पाहून 'हे दार नंतर फोडलंय' असं सांगितलं की तुमच्या नकाशाला अचानक तारीख मिळते.

परवानगीचं तोंडी होकारावर भागवू नका. बोललेलं कुठे वापरणार, नाव येणार की नाही, नंतर नको वाटलं तर कोणत्या टप्प्यापर्यंत मागे घेता येईल, हे साध्या मराठीत एका पानावर लिहा आणि दोघांकडे प्रत ठेवा. अंतिम रूप त्यांना आधी दाखवा. हातूमच्या त्या व्हिडिओत वडिलांची नाराजीही पत्रांतूनच ऐकू येते. कुटुंबातली कुरबुर लपवली नाही तरी चालते, पण ती सांगायला ज्याची त्याची संमती हवी. मामा बोलायला तयार नसतील तर त्यांच्याशिवाय करा. त्यांच्या वतीने दुसऱ्या कुणाकडून त्यांची गोष्ट काढून घेऊ नका.

मांडणी ठरवण्याआधी एखादा हॉल किंवा अंगण मिळवा आणि मोजलेला आराखडा जमिनीवर रंगीत चिकटपट्टीने पूर्ण मापात आखा. मग घर पाहिलेल्या माणसांना त्यात चालायला सांगा. कुठे थांबतात, कुठे नसलेल्या चौकटीखाली मान वाकवतात, ते बघा. स्पीकर तिथे ठेवा. काय कुठे लावायचं याची निम्मी उत्तरं त्या एका दुपारी मिळतात, आणि कितीतरी गोष्टी लावायच्याच नाहीत हेही कळतं.

निवेदन सगळ्यात शेवटी. आणि ते तीन शब्द त्यात पूर्ण वर्ज्य. 'माझं काम स्मृती, ओळख आणि जागा यांतील गुंतागुंतीच्या नात्याचा शोध घेतं' हे वाक्य कुणाच्याही कामाखाली चिकटवता येईल. त्याऐवजी काय आहे आणि काय केलंय तेवढंच लिहा. समजा, 'तीन भावंडांनी एकाच घराचा नकाशा आठवून काढला. तिन्ही नकाशे एकाच कागदावर छापले आहेत. जिथे रेषा जुळतात तिथे शाई दाट आहे. ऐकू येणारं पत्र यंदा वाचलेलं आहे, त्याचा घुमारा मात्र त्या घराच्या आतल्या खोलीतला आहे. घर आता उभं नाही.' यात एकही मोठा शब्द नाही, आणि वाचणाऱ्याला त्या तिन्ही गोष्टी मिळतात. निवड समितीवर बसलेल्या माणसाने अशी शंभर पानं वाचलेली असतात, त्याला हे लगेच जाणवतं.

राहिला प्रश्न गॅलरी की घर. नवे मालक परवानगी देत असतील तर पाडण्याआधी एक दिवस घरातच उघडं ठेवा, घरच्यांसाठी आणि शेजाऱ्यांसाठी. मात्र ते प्रदर्शन म्हणून करू नका. नकाशे ज्या त्या खोलीत टेबलावर ठेवा, पेन्सिली ठेवा, आणि लोकांना त्यांच्यावर लिहू द्या. मूळ कागद नकोत, प्रती ठेवा. त्या दिवशीचं बोलणंही रेकॉर्ड करा, दारावर तशी स्पष्ट पाटी लावून. गॅलरीचं काम त्यानंतर सुरू होईल, आणि तिथे घर उभं करायचा प्रयत्न करू नका. व्हाइटरीडचं 'हाऊस' जानेवारी १९९४ मध्ये, म्हणजे काही महिन्यांतच, पाडलं गेलं. आज ते आपण फोटो आणि फिल्ममधूनच ओळखतो. तुमच्याकडे मापं, ठसे, घुमारे आणि एकमेकांशी न जुळणारे नकाशे असतील. गॅलरीत त्यातलं काय जाईल हे ताबा दिल्यानंतर सहा महिने तरी थांबून ठरवा. तोवर फाइलींच्या तीन प्रती करा आणि त्यातली एक दुसऱ्या गावी ठेवा.